गॅलरीतली गादी, आशियाची स्पर्धा

२ जानेवारी

मुलाने, हितेंद्रने, माझगावच्या गोदीतून नव्या वर्षाची डायरी आणली. दरवर्षी ती ह्यांच्याकडे जाते आणि कोरीच्या कोरी रद्दीत पडते. यंदा मी आधीच उचलली. पोस्टातली नोकरी संपल्यापासून हातांना काही कामच नाही. निदान चार ओळी लिहाव्यात.

पहिली बातमी सुनेची. फेब्रुवारीत आशियातल्या देशांच्या महिला संघांची रग्बीची स्पर्धा मुंबईत आहे, चर्चगेटजवळच्या मैदानावर. तिच्या सरावशिबिराला दर्शनाला बोलावलंय. ओवी व्हायच्या आधी ती भारताकडून दोनदा परदेशात खेळून आली होती. ओवी आता सव्वा वर्षाची. शिबिरात वीस-बावीस मुली आहेत, त्यातल्या बारा घेणार. बहुतेक कॉलेजातल्या, आणि आमची एकोणतिशीची. या वेळी राहिली तर पुन्हा कोणी बोलावणार नाही, हे तिला माहीत आहे आणि मलाही. घरात कोणी बोलून दाखवलं नाही एवढंच.

जेवताना म्हणाली, "आई, सकाळी ओवीला घेऊन ग्राउंडवर याल का? ती अजून अंगावर पिते ना."

मी म्हटलं, येईन. घ्या, निवृत्त झाल्यावर आयाची नोकरी लागली.

६ जानेवारी

रोज जातेय. खेळ पुरता कळला नाही, पण थोडक्यात असा. एका बाजूला सात जणी, कबड्डीसारख्याच. चेंडू नारळासारखा, दोन्ही टोकांना निमुळता. तो घेऊन पुढे पळायचं, पण हाताने द्यायचा मात्र मागच्या मुलीकडेच. पलीकडच्या रेषेपार नेऊन जमिनीला टेकवला की पाच गुण. वाटेत कोणीही कमरेला, मांडीला, घोट्याला धरून आडवं पाडू शकतं. माझ्या मते ही कबड्डीच आहे. कोणाला तरी वाटलं असेल, एवढं लांब जायचं तर मोकळ्या हाताने कशाला जा.

दर्शना पळते छान. पण कोणी अंगावर आलं की चेंडू आधीच देऊन मोकळी होते. शिकवणाऱ्या दीपिका मॅडम आज चार वेळा ओरडल्या, "दर्शना, कॉन्टॅक्ट घे! पळ काढू नको!" तिने मान हलवली आणि परत तेच. पडायची वेळ आली की तिचा डावा हात पोटाशी जातो. मॅडमना ते दिसलं की नाही कोण जाणे. सिझेरियननंतर तिचे टाके पिकले होते, महिनाभर ड्रेसिंगला मीच नेत होते. तो हात कुठे जातो हे मला वेगळं सांगावं लागत नाही.

घरी येताना बसमध्ये ती खिडकीबाहेर बघत होती. 

९ जानेवारी

आज येडेपणा केला. लिहायलाही लाज वाटते, पण लिहिते.

दुपारी ओवी झोपल्यावर दर्शना म्हणाली, "आई, हितेन सांगत होता, तुम्ही कबड्डी खेळायचात."

"खेळायचे. सहा वर्षं, उजवा कोपरा. लग्न झालं, सुटलं."

"वाईट नाही वाटलं?"

"त्यात वाईट काय वाटायचंय? भांडी घासायची होती."

"घोटा कसा पकडायचा हो?"

आता हे काय तोंडाने सांगायचं काम आहे? उन्हात घालायला गाद्या काढलेल्याच होत्या. त्या चाळीच्या गॅलरीत एकाला एक जोडून पसरल्या, पदर खोचला आणि म्हटलं, ये अशी अंगावर. ती आली, पण नवी नवरी माप ओलांडते तशी. मी घोटा धरला आणि खेचला.

पडली. गादीवरच पडली, पण चेहरा पांढराफटक. दोन्ही हात पोटावर.  म्हटलं, संपलं, आता हितेंद्र मला उभी करत नाही. तिने एकेक बोट दाबत पोट चाचपलं. मग म्हणाली, "काही झालं नाही." थोड्या वेळाने परत, "आई, काही झालं नाही."

"काही होत नाही. ऊठ."

मग ऊन उतरेपर्यंत मी तिला पाडत होते आणि ती उठत होती. ती मूळची वरळीच्या बीडीडी चाळीतली, शाळेत तीही कबड्डीच खेळायची, त्यामुळे अंगाला सगळं आठवत होतं. मी सांगितलं, धरलं म्हणजे मेलो असं समजायचं नाही. पडता पडता हात लांब करायचा. बोटभर जरी रेषेला लागलं तरी आपण सुटलो आणि धरणारी गेली. आमच्या दाराचा उंबरठा हीच रेषा. "हात लांब, दर्शना! हात लांब!" शेजारच्या सुरुचीने दार उघडून पाहिलं आणि परत लावून घेतलं.

१८ जानेवारी

ओवीचं बोरन्हाण आणि हळदीकुंकू एकाच दिवशी उरकलं. ओवीने डोक्यावर पडलेल्या चुरमुऱ्यांतले निम्मे खाल्ले. बोरं मात्र थुंकली.

दर्शना काळी साडी नेसून वाण देत होती. सुंदर दिसत होती, पण ब्लाउजच्या बाहीखाली दंडावर हे एवढे काळेनिळे वळ आणि हनुवटी खरचटलेली. बायका वाण घ्यायच्या, तिच्या दंडाकडे बघायच्या आणि मग माझ्याकडे. माझ्या लक्षात यायलाही वेळ लागला. शेवटी सुरुचीने तिला बाजूला घेतलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल इतक्या हळू आवाजात विचारलं, "दर्शना, घरी सगळं बरं आहे ना गं?"

ही कार्टी खो खो हसली आणि म्हणाली, "आईंनीच पाडलं. रोज पाडतात."

 कोणाच्या तरी हातातला तिळगूळ हातातच राहिला. ह्यांनी तेवढ्यात आतून डोकं काढलं, "खरां आसा. मियां सोता बघलंय." एवढं बोलून आत गेले. आयुष्यात कधी वेळेवर बोलले असतील तर शपथ.

मग काय, समजावून सांगण्यात अर्थ नव्हता. सुरुचीलाच गॅलरीत उभी केली, म्हटलं पळ, आणि पैठणीसकट तिचा घोटा धरला. पडू दिली नाही, पण किंचाळली चांगलीच. त्यानंतर हळदीकुंकू बाजूला राहिलं. तीन जणींनी पडून बघितलं. जाताना सुरुची म्हणाली, "नलूताई, उद्यापासून आमचीपण गादी घ्या, तुमची पातळ आहे." तिच्यावर मी घटकाभर रागावले होते, पण खरं सांगायचं तर बरं वाटलं. माझ्या सुनेला कोणी मारत असतं तर ती गप्प बसली नसती. असा शेजार मिळायला भाग्य लागतं.

२५ जानेवारी

दर्शनाने आज परत विचारलं, घोटा कसा पकडायचा. परवाही विचारलं होतं. एवढी हुशार पोर, पण एवढीशी गोष्ट लक्षात राहत नाही. परत दाखवलं. मग स्वतः खाली बसली आणि म्हणाली, आता तुम्ही चढाई करा. मी म्हटलं, वेडी आहेस का, एकसष्टाव्या वर्षी? केली. सुरुचीच्या गादीवर दोनदा पडले.

गुडघे आज अजिबात दुखले नाहीत. बहुतेक तेल बदललं म्हणून.

४ फेब्रुवारी

आली! बारा जणींत दर्शना आली. बारावं नाव तिचं.

मॅडम नावं वाचत होत्या तेव्हा मी कुंपणाजवळ ओवीला घेऊन उभी होते. अकरा नावं झाली आणि मी ओवीच्या टोपीची नाडी सोडायला आणि बांधायला लागले. मग "दर्शना" ऐकलं. ती धावत माझ्याकडे आली, ओवीला घेतलं आणि तिच्या पोटात तोंड खुपसून उभी राहिली.

मॅडमनी एक गोष्ट सगळ्यांनाच बजावली. या बारांतल्या दहाच जणी स्पर्धेनंतर पुढच्या शिबिराला ठेवणार, परदेश दौऱ्यासाठी. म्हणजे आत गेली, टिकायचं अजून बाकी आहे. तरी आज देवापुढे साखर ठेवली. आधी ती पडतही नव्हती. आज सरावात तिला तीन वेळा आडवी केली आणि तिन्ही वेळा ती हसत उठली. देवा, तुझे उपकार.

२१ फेब्रुवारी

आज अक्षर वाईट येणार.

आजपासून स्पर्धा. संघ हॉटेलात आहे, ओवी परवापासून बाटलीने दूध पितेय, चक्क कुरकुर न करता. आम्ही लालबागहून पंधरा जण गेलो, सुरुची आणि तिच्या दोन जावा धरून. एक अख्खी रांग अडवली. आशियाभरच्या पोरी बघितल्या. कझाकस्तानच्या दाराएवढ्या उंच, थायलंडच्या पाऱ्यासारख्या. भारताचा निळा शर्ट घालून दर्शना बाकावर बसलेली दिसली तरी आमच्या सगळ्यांचे डोळे भरून आले. तिथे नाव कोणाचं तर आमच्या घरचं.

नेपाळशी जिंकलो. दर्शनाला उतरवलं नाही. मग श्रीलंका. जिंकलं तर पहिल्या चारांत. दोन मिनिटं राहिली असताना मॅडमनी तिला पाठवलं. आपण दहा, त्या बारा.

शेवटच्या क्षणाला तिच्या हातात चेंडू आला, एकदम कडेला. सुटली! दोघींच्या मधून गेली, एकीला खांद्याने ढकललं, पळ काढला नाही. रेषा पुढ्यात आणि मागून एका पोरीने झेप घेऊन घोटा धरला. अस्सल पकड, मीही तशीच धरली असती. दर्शना पडली. डावा हात पोटाशी गेला नाही, त्या हाताने चेंडू काखेत घट्ट धरलेला. आणि उजवा हात तिने लांब केला. लांब, लांब, बोटं रेषेच्या पलीकडे.

"लागला! लागला! सुटली!" आमची अख्खी रांग उभी राहिली. मी तर नाचत होते. सुरुचीने मला मिठी मारली. मग लक्षात आलं की बाकी मैदानावर फक्त श्रीलंकेच्या पोरी नाचतायत. पुढच्या रांगेतली माणसं वळून आमच्याकडे बघत होती. चेंडू तिच्या काखेतच होता. ती रिकाम्या हाताने रेषेला टेकून पडली होती, आणि शिट्टी झाली होती.

चेंडूचा हात लांब केला असता तर जिंकलो असतो. हितेंद्रने सांगितलं तेव्हा कळलं. सगळ्या मुली मैदानातून गेल्या तरी ती तिथेच बसली होती.

परत येताना मी रागाने बोलत होते. एवढी दोन महिन्यांची शिबिरं घेतात, एवढ्या मॅडम, शिट्ट्या, आणि कोणत्या हाताने टेकवायचं एवढं साधं शिकवत नाहीत? कोणी भरवलं हे तिच्या डोक्यात? हे घरात शिरताना, उंबरठ्यावरच थांबून म्हणाले, "तो हात खंयच्या गॅलरीतलो गो?"

मी खाली बसले. 

मग तिचा फोन आला. आधी ओवीचं विचारलं. मग म्हणाली, "आई, मला बॉल दिसलाच नाही. फक्त लाईन दिसली. उद्या मॅडमना सांगते, मला खेळवू नका. हे शेवटचं." मी म्हटलं, चूक माझी आहे. ती रडायला लागली आणि म्हणाली, असं म्हणू नका, प्लीज. दोघीही नीट बोललो नाही.

२२ फेब्रुवारी, सकाळ

चहा न घेता निघाले. कोणाला सांगितलं नाही, ओवीला मात्र बरोबर घेतलं. मैदानाच्या फाटकाशी दीपिका मॅडम भेटल्या. म्हटलं, "मॅडम, तिला काढू नका. तो हात मी शिकवला. आमच्या खेळात तो हात म्हणजे जीव असतो. तिची चूक नाही."

त्या माझ्याकडे बघत राहिल्या आणि हसायला लागल्या. हरल्यानंतर दुसऱ्या दिवशी सकाळी हसणारी बाई मी पहिल्यांदा बघितली. म्हणाल्या, "म्हणजे ते तुम्ही! काकू, जानेवारीत ही पडतच नव्हती. मी हिला काढणार होते. काल ती पळत जाऊन पडली, तेही फुल स्पीडमध्ये. मला अजून काय पाहिजे?"

पडल्याचं एवढं कौतुक मला काही कळलं नाही. मी परत म्हटलं, तिला काढू नका. त्या म्हणाल्या, "बघते." ओवीने त्यांची शिट्टी ओढली. ती त्यांनी तिला तोंडात घालू दिली.

२२ फेब्रुवारी, संध्याकाळ

आधी हे लिहून टाकते म्हणजे कोणी खोडणार नाही. दहा जणींत दर्शना आहे. एप्रिलमध्ये परदेशी जाणार. हितेंद्र गोदीत रात्रपाळी बदलून घेणार, ओवी माझ्याकडे, आणि सुरुची म्हणते दुपारचं ती बघेल. किती जणांचे आभार मानू? त्या श्रीलंकेच्या पोरीचेसुद्धा मानते, घोटा काय सुरेख धरला होता तिने.

आता मॅचचं. पाचव्या नंबरसाठी मलेशियाशी. आम्ही लालबागची माणसं जरा मागे, कोपऱ्यात बसलो. काल आमच्यामुळे शोभा झाली होती. हितेंद्रने सगळ्यांना ताकीद दिली होती, "पंचांनी हात वर केल्याशिवाय कोणी उठायचं नाही. आई, तू तर नाहीच नाही." मी ओवीला मांडीवर घट्ट धरलं आणि ओठ आवळून बसले.

मध्यंतरानंतर दर्शना उतरली. मॅडमनी तिच्या पाठीवर थाप मारली, काय बोलल्या ते ऐकू आलं नाही. पहिल्यांदाच चेंडू हातात आला आणि दोघींनी मिळून तिला आपटली. ओवी म्हणाली, "आई बाप्पा!" तिला पडण्यासाठी हाच शब्द येतो. दर्शना उठली. परत आपटली. परत उठली.

मग बरोबरी असताना, काल होती त्याच कडेला, तिला चेंडू मिळाला. तशीच पळाली. तशीच मागून एक आली, पण हिने घोट्याऐवजी कंबर धरली आणि दोघी मिळून रेषेवर कोसळल्या. धुळीत काही दिसेना. हात कुठे, चेंडू कुठे, कोणाचा पाय कोणाचा.

शिट्टी झाली. पंचांचा हात वर गेला. पण कालही शिट्टी झाली तेव्हा हात कुठेतरी गेलाच होता! हा हात चांगला की वाईट? मी हितेंद्रकडे बघितलं, तो ह्यांच्याकडे बघत होता, हे देवाकडे. सुरुचीने तोंडावर पदर धरला होता. आजूबाजूचे सगळे ओरडत होते, बाकावरच्या मुली मैदानात धावल्या होत्या, आणि लालबागची रांग कीर्तनाला बसल्यासारखी गप्प. कोणाची हिंमत होईना.

दर्शना उठून बसली. दोन्ही हातांखाली चेंडू, अजून जमिनीला दाबून धरलेला, कोणी काढून नेईल अशा भीतीने. तोंड मातीने भरलेलं. तिने पहिलं आमच्या कोपऱ्याकडे बघितलं. आम्ही सगळे तिच्याकडे बघत होतो आणि कोणी हूं की चूं करत नव्हतं. तिला आधी कळलंच नाही. मग कळलं आणि तिथूनच, अख्ख्या मैदानाला ऐकू जाईल अशी ओरडली:

"अहो आई! झाला! ओरडा ना!"

मी ओवीला ह्यांच्याकडे दिलं, चपला काढल्या आणि बाकड्यावर चढले. काय ओरडले ते मला आठवत नाही. आता घसा असा बसलाय की चहा मागायलाही खूण करावी लागते. सुरुची म्हणते, मी एका दमात "कबड्डी कबड्डी कबड्डी" करत होते, आणि श्वास संपेपर्यंत थांबले नाही.